चौलचे अरब आणि मुंबईचे बगदादी

प्रत्येक शाळेंत एक मोठें, जाड पुठ्ठ्याचें रजिस्टर असतें. हल्लीं त्याला जनरल रजिस्टर म्हणतात. आमच्या वेळचे जुने हेडमास्तर 'दाखल-खारीज' म्हणत असत. त्यांत मुलाचें नांव, जन्मतारीख, जन्मस्थळ इत्यादि रकान्यांबरोबर 'मातृभाषा' असा एक रकाना असतो. मीं तीसएक वर्षें हें रजिस्टर भरलें, आणि त्या रकान्यांत बहुधा डोळे मिटूनच 'मराठी' असें लिहीत गेलों. एकदां मात्र तेथें माझी चूक झाली, आणि आज ज्या विषयावर मी बोलणार आहें त्याच्या मागें मी लागलों तो त्या चुकीमुळेंच.

रत्नागिरीकडून आंबा घाट चढून आलेल्या एका कुटुंबांतील मुलगा पांचवीच्या वर्गांत दाखल झाला. वडील नोकरीनिमित्त कोल्हापुरास बदलून आलेले. मुलाचें नांव मुसलमानी. मीं कांहींएक विचारलें नाहीं. मातृभाषेच्या रकान्यांत 'उर्दू' असें लिहून मोकळा झालों. पुढें तिमाही परीक्षेंत 'माझें गांव' या विषयावरील त्याचा निबंध माझ्या हातीं आला. खाडी, भरती, सुकतीचें पाणी, होडीचें सुकाणूं यांविषयीं तो मुलगा असें कांहीं लिहून गेला होता कीं, मंगळवार पेठेंत जन्मलेल्या आणि रंकाळ्यापलीकडे पाणी न पाहिलेल्या मला त्यांतले दोनचार शब्द कोशांत पाहावे लागले. मीं त्याला जवळ बोलावून विचारलें, "अरे, तुझी भाषा उर्दू. मग हें मराठी तुला कोणीं शिकविलें?" तो म्हणाला, "गुरुजी, आमी घरांत कोकणीच बोलतांव. उर्दू अब्बांना थोडी थोडी येते." "आणि अरबी?" "अरबी वाचूंक येते. अर्थ नाय ठावूक."

हें त्याचें उत्तर ऐकून मला हंसूं आलें नाहीं. लहानपणीं रामरक्षा घडघडा म्हणत असतां मलाहि अर्थ ठाऊक नव्हता. परंतु एक प्रश्न मनांत घर करून राहिला. हीं कोकणांतील मुसलमान कुटुंबें आपलें मूळ अरबस्तानाकडे नेतात; प्रार्थना अरबींत करतात; मुलांचीं नांवें अरबी ठेवतात; मग त्यांच्या ओठांवरची अरबी कोठें गेली? आणि ती गेली असूनहि आपण अरबांचे ही जाणीव कशी टिकली?

याचें उत्तर शोधूं लागलें म्हणजे प्रथम चौलास जावें लागतें. अलिबागच्या दक्षिणेस असलेलें हें गांव आज नारळी-पोफळींच्या वाड्यांत झांकून गेलें आहे. पण हजार वर्षांपूर्वीं तें पश्चिम समुद्रावरील एक मोठें बंदर होतें, आणि अरब लोक त्याला 'सैमूर' म्हणत. बगदादचा प्रवासी अल्-मसूदी हा हिजरी ३०४ मध्यें, म्हणजे इ. स. ९१६ च्या सुमारास, तेथें आला. उत्तर कोकणांत तेव्हां शिलाहार घराण्याचा झंझ राजा राज्य करीत होता, आणि मसूदीनें त्याचें नांवहि नमूद केलें आहे. चौलांत त्या वेळीं सुमारें १०,००० मुसलमान राहात होते असें तो लिहितो. त्यांत सिराफचे, ओमानचे, बसऱ्याचे, बगदादचे व्यापारी होते. परंतु यांखेरीज आणखी एका वर्गाचें नांव तो घेतो. तें 'बयासिरा'. या शब्दाचा अर्थहि तो स्वतःच देतो : हिंदुस्थानांत जन्मलेले मुसलमान.

श्रोतेहो, या एका शब्दापाशीं क्षणभर थांबावें. व्यापारी येई तो वाऱ्यावर. एका मोसमांत अरबस्तानाकडून जहाज आलें कीं, उलटा वारा सुटेपर्यंत त्याला बंदरांत महिनेच्या महिने मुक्काम करणें प्राप्त होतें. कांहींजण वर्षानुवर्षें राहिले, त्यांनीं घरें केलीं, संसार थाटले. समुद्रपार येणाऱ्या त्या तारवांतून बायकामुलें सहसा येत नसत. तेव्हां या संसारांतील गृहिणी बहुधा इथल्याच असल्या पाहिजेत. मूल पहिला शब्द शिकतें तो आईपासून. बाप बंदरावर अरबींत हिशेब करी, आणि घरांत चुलीपाशीं जी भाषा चाले ती या किनाऱ्याची. मसूदीला हीहि भाषा ठाऊक होती. सैमूर, सोपारा आणि ठाणें या किनाऱ्यावरच्या बोलीला तो 'लारिया' म्हणतो आणि राष्ट्रकूटांच्या राजधानीची भाषा तिच्याहून निराळी असल्याचें सांगतो. म्हणजे ९१६ सालींच तेथें एक अशी पिढी वाढत होती कीं, जिची मशिदींतील भाषा एक आणि माजघरांतील भाषा दुसरी. त्या पिढीला स्वतंत्र नांव द्यावें लागलें, यावरूनच ती बापांहून कांहींशी वेगळी दिसूं लागली होती, असें मी समजतों.

या लोकांचा कारभार पाहण्यासाठीं त्यांच्यांतीलच एक पुढारी राजा नेमीत असे. त्याला 'हुनरमन' म्हणत. आपसांतील तंटे तो त्यांच्या धर्मशास्त्राप्रमाणें तोडी. राजा हिंदु, न्यायासन मुसलमानी, आणि तें बसविणारा राजाच, ही व्यवस्था वाचून आजच्या माणसाला नवल वाटतें. अरब लेखकांनीं राष्ट्रकूट राजाला 'बल्हरा', म्हणजे वल्लभराज, असें म्हणून त्याची जी तोंडभर स्तुति केली आहे ती उगीच नव्हे.

आतां याच गोष्टीची दुसरी बाजू पाहूं. म्हणजे अरब आपल्याकडे कसे पाहात होते हें नव्हे, तर आपण त्यांना काय म्हणत होतों. १९५५ सालीं डहाणू तालुक्यांत चिंचणी येथें कांहीं ताम्रपट सांपडले. त्यांतील एक राष्ट्रकूट राजा तिसरा इंद्र याच्या वेळचा, शके ८४८ चा, म्हणजे इ. स. ९२६ चा आहे. मसूदीच्या भेटीनंतर अवघ्या दहा वर्षांचा. संजाण प्रांताचा अधिकार दुसऱ्या कृष्णराजानें ज्या सरदाराला दिला होता, त्याचें वर्णन या संस्कृत लेखांत आहे. तो जातीनें 'ताजिक', म्हणजे अरब. त्याच्या बापाचें नांव 'सहियारहार' असें दिलें आहे. आणि त्याचें स्वतःचें नांव? 'मधुमती'!

विद्वानांनीं हें 'मुहंमद' या नांवाचें संस्कृत रूप ओळखलें आहे. ज्या कोणा पंडितानें हा लेख रचला त्याच्या कानांवर 'मुहंमद' हा शब्द पडला, आणि त्याच्या लेखणींतून मधानें भरलेलें असें कांहींतरी गोड नांव उतरलें. मुद्दाम बदललें असें नव्हे. जिभेनें आपल्या सवयीप्रमाणें तें वळवून घेतलें. या मधुमतीनें आसपासच्या बंदरांचे नायक जिंकून तेथें आपले अधिकारी ठेविले. दोन नद्यांवर फुकट तरीची सोय केली. आणि एक अन्नसत्र घातलें. त्या सत्रांत साळीचा भात, कालवण आणि तूप मिळत असे, हा तपशील ताम्रपटांत आहे, आणि भोजनाच्या बाबतींत आमचे ताम्रपट लिहिणारे किती काटेकोर होते हें पाहून मौज वाटते. ताम्रपटाचें मुख्य कारण तर याहून विलक्षण आहे : एका ब्राह्मणानें देवीची मठिका बांधली, आणि तिच्या खर्चासाठीं या अरब अधिकाऱ्याच्या संमतीनें जमीन दिली गेली.

अशींच नांवें पुढें गोव्यासहि आढळतात. कदंब राजा पहिला जयकेशी याच्या वेळच्या, अकराव्या शतकाच्या मध्यांतील लेखांत एका ताजिक घराण्याच्या तीन पिढ्या येतात : आजा अलियम, बाप मधुमद आणि नातू छड्डम. मशिदीला तेथें शब्द आहे 'मिजिगिति'. अली, मुहंमद आणि मस्जिद या शब्दांना या मातीचा असा रंग चढला होता.

भाषेची ही देवघेव एकाच बाजूनें झाली नाहीं. मराठींतील वकील, हुकूम, हक्क, तारीख, खर्च हे शब्द मुळांत अरबी. पण ते आपल्याकडे फारसीच्या पालखींत बसून, दरबाराच्या दारानें आले. मघाशीं सांगितलेलें 'दाखल-खारीज' त्याच मार्गाचें. समुद्रावरचे शब्द मात्र निराळ्या वासाचे आहेत. तुफान अरबी, खलाशी अरबी, मोसम अरबी. नावेचें सुकाणूं हें अरबी 'सुक्कान'. मराठ्यांच्या आरमारांतील 'गुराब' हें लढाऊ जहाज, त्याचेंहि नांव अरबी 'घुराब', म्हणजे कावळा. ज्या मुलाच्या निबंधांत मीं सुकाणूं हा शब्द वाचला, त्याच्या पूर्वजांच्या बोलींतला निदान एक शब्द असा शाबूत होता. फक्त तो त्याच्या एकट्याचा राहिला नव्हता, तुमचा-आमचा झाला होता.

आणखी एक गंमत सांगतों. आमच्या पेठेंत एक ज्योतिषी होते, सोवळ्याओवळ्याचे कडक. वर्षफळ मांडूं लागले कीं ते 'इत्थशाल योग', 'इक्कबाल योग', 'मुंथा', 'पुण्यसहम' हे शब्द मंत्रासारखे उच्चारीत. हे सारे अरबी शब्द! इत्थशाल म्हणजे 'इत्तिसाल', जुळणी. इक्कबाल म्हणजे 'इक्बाल', भाग्योदय. सहम म्हणजे 'सह्म', हिस्सा. या शास्त्राचें नांवच मुळीं 'ताजिक', आणि विदर्भांतून काशीस गेलेल्या घराण्यांतील नीलकंठ दैवज्ञानें शके १५०९ मध्यें, म्हणजे १५८७ सालीं, त्यावर लिहिलेला ग्रंथ 'ताजिक नीलकंठी' आजहि आमचे ज्योतिषी वापरतात. ताजिक म्हणजे कोण, हें मीं त्या गृहस्थांना एकदां सांगितलें. त्यांनीं ऐकून घेतलें आणि पुढच्या वेळीं माझें वर्षफळ पाहण्यास दक्षिणा वाढवून मागितली.

असो. कोकणांतील अरबांची बोली लोपली, तरी अरबी विद्या लोपली नव्हती. माहीम येथें मखदूम अली माहिमी यांचा दर्गा आहे. त्यांचा जन्म १३७२ चा, मृत्यु १४३१ चा. ते नवायत, म्हणजे याच किनाऱ्यावर वसलेल्या अरब वंशांतील. त्यांनीं कुराणावर अरबींत भाष्य लिहिलें. तें पुढें १८७८ च्या सुमारास ईजिप्तमध्यें बुलाक येथील प्रसिद्ध छापखान्यांत छापून निघालें. माहीमच्या खाडीकांठीं बसून लिहिलेलें पुस्तक साडेचारशें वर्षांनीं कैरोच्या दारांत अरबी भाषकांनीं छापावें, ही कांहीं लहान गोष्ट नाहीं. माहिमींच्याहि आधीं, १३४० नंतरच्या दोनचार वर्षांत, इब्न बतूता हा मोरोक्कोचा प्रवासी याच किनाऱ्यानें दक्षिणेस होनावरला गेला होता. तेथें मुलांच्या २३ आणि मुलींच्या १३ शाळा पाहिल्याचें तो लिहितो, आणि तेथील स्त्रियांना कुराण मुखोद्गत असल्याचें सांगतो. मुलींच्या तेरा शाळा, आणि त्याहि चौदाव्या शतकांत! मास्तराच्या पेशांतील माणसाला हा आंकडा विसरतां येत नाहीं.

तेव्हां असें झालें कीं, बोली आईची राहिली आणि विद्या अरबी राहिली. यांतच एक तिसरी खूण मिळाली, ती धर्मशास्त्राच्या पंथाची. देशावरचे, म्हणजे आमच्या कोल्हापूर-विजापूरकडचे मुसलमान बहुतेक हनफी. ते खुष्कीच्या मार्गानें आलेल्या परंपरेचे. कोकणी मुसलमान मात्र शाफई. येमेन, हद्रमौत, मलबार, आणि तेथून थेट मलाया-जावापर्यंत हाच शाफई पंथ समुद्राच्या कडेकडेनें पसरलेला आहे. तोंडांत अरबी नसेल, पण नमाजाला उभें राहण्याच्या रीतींत अरबांच्या जलमार्गाचा नकाशा उमटलेला आहे.

बोली पुन्हां ताजी होण्याची एक वाट होती. नवी माणसें येत राहण्याची. ती वाट सोळाव्या शतकांत अरुंद झाली. १४९८ मध्यें पोर्तुगीज आले, आणि १५०८ मध्यें चौलच्याच खाडींत त्यांची ईजिप्त व गुजराथ यांच्या आरमाराशीं लढाई झाली. त्यांत पोर्तुगीज व्हाइसरॉयचा मुलगा मारला गेला खरा. पण पुढच्या वर्षीं दीवच्या लढाईंत पोर्तुगीजांनीं त्याचा वचपा काढला आणि या समुद्रावर परवान्याची सक्ति केली. अरब व्यापाऱ्यांचा जुना मोकळा राबता गेला. पेशवाईच्या अखेरीस अरब पुन्हां महाराष्ट्रांत दिसतात, पण ते व्यापारी नव्हेत, पगारी शिपाई. १८१७ मध्यें नागपुरास आणि १८१८ मध्यें मालेगांवच्या किल्ल्यांत ते इंग्रजांशीं निकरानें लढले. त्यांच्यापैकीं पुष्कळांना इंग्रजांनीं देशाबाहेर काढलें. निजामाच्या हैदराबादेंत मात्र त्यांची वस्ती टिकली.

येथवर आपण पाहिली ती अरबी लिपि व अरबी प्रार्थना ठेवून बोली सोडणाऱ्यांची कथा. याच्या अगदीं उलट कथा मुंबईस आणि पुण्यास घडली, आणि ती घडविणारे मुसलमान नव्हतेच. ते होते बगदादचे यहुदी.

पुण्यास गेलेल्या प्रत्येकानें लष्करांतील 'लाल देऊळ' निदान बाहेरून पाहिलें असेल. विटांची उंच मनोऱ्याची ती इमारत म्हणजे यहुद्यांचें 'ओहेल दाविद' हें प्रार्थनामंदिर. तें १८६३ मध्यें बांधावयास घेतलें आणि १८६७ मध्यें पुरें झालें. तें बांधविणारा डेव्हिड ससून याची कबर त्याच आवारांत आहे. हा १७९२ मध्यें बगदादेस जन्मला. तेथील पाशाच्या जुलमामुळें त्यानें घर सोडलें, इराणांतील बुशायर येथें कांहीं काळ काढला, आणि १८३२ च्या सुमारास तो मुंबईस आला. पुढें कापूस आणि अफू यांच्या व्यापारांत त्यानें अमाप संपत्ति मिळविली. अफूचा भाग आपण इमारतींकडे पाहतांना विसरतों, म्हणून मुद्दाम सांगितला. पुण्याचें ससून रुग्णालय त्याच्याच देणगीचें.

या माणसाची घरची भाषा अरबी. बगदादेंतील यहुद्यांची अरबी मुसलमानांच्या अरबीहून ऐकतांक्षणीं ओळखूं येई. 'मीं म्हटलें' या अर्थीं यहुदी 'केल्तु' म्हणे, तर मुसलमान 'गिलित'. आपल्याकडे नाहीं का, 'कुठं गेला होतास' आणि 'कुठें गेल्ला' यांवरून माणसाचें गांव कळतें, तसेंच. पण ते ती लिहीत हिब्रू अक्षरांत. ससूनांच्या पेढीचीं पत्रें अशीं अरबी भाषेंत आणि हिब्रू लिपींत लिहिलेलीं असत. मुंबईहून शांघायला गेलें तरी तसेंच, लंडनला गेलें तरी तसेंच. व्यापाराचें गुपित त्यामुळें आपोआप राखलें जाई, हा एक फायदाच. १८५५ पासून सुमारें दहा वर्षें मुंबईंत याच भाषेचें आणि याच लिपीचें एक वृत्तपत्र शिळाछापावर निघत होतें. बाळशास्त्री जांभेकरांच्या 'दर्पण'ला (१८३२) जेमतेम पाव शतक झालें होतें, आणि त्याच मुंबईंत मूठभर लोक आपल्या अरबी वृत्तपत्राची वाट पाहात बसत होते. मुंबईचें बंद पडल्यावर कलकत्त्यास अशीं पत्रें विसाव्या शतकाच्या आरंभापर्यंत चाललीं.

चौलच्या अरबांना जें साधलें नाहीं तें यांना कसें साधलें? कारण उघड आहे. हे कुटुंबकबिल्यासह आले. सुना बगदादेहून आणल्या. आईच अरबी बोलणारी, म्हणून मूलहि अरबी बोललें. डेव्हिड ससूननें १८५३ मध्यें इंग्रजी प्रजाजनत्व घेतलें तेव्हां सही केली ती हिब्रूंत. इंग्रजी तो शिकलाच नाहीं. त्याचें तीन मुलांसह काढलेलें एक छायाचित्र प्रसिद्ध आहे. त्यांत बाप आणि दोन मुलगे बगदादी पायघोळ अंगरख्यांत आहेत आणि तिसरा, ससून डेव्हिड नांवाचा, विलायती कोटपाटलोणींत आहे. पुढची सगळी हकीकत त्या एका चित्रांत आली आहे.

वडील मुलाचें नांव अब्दुल्ला. कुलाब्याचा ससून डॉक, जेथें पहांटे मासळीचा बाजार भरतो, तो यानेंच बांधविला. १८७५ मध्यें तो पुरा झाला. हा अब्दुल्ला पुढें विलायतेस राहावयास गेला, १८९० मध्यें बॅरोनेट झाला, आणि त्याचें नांव झालें 'आल्बर्ट'. श्रोतेहो, मुहंमदाचा मधुमती झाला होता तो परक्याच्या कानामुळें. अब्दुल्लाचा आल्बर्ट झाला तो स्वतःच्या इच्छेनें. या दोहोंत मला फार अंतर वाटतें. विलायती पोषाखांतल्या त्या तिसऱ्या मुलाचा नातू म्हणजे सीगफ्रिड ससून (१८८६–१९६७), पहिल्या महायुद्धावरील कवितांबद्दल नांवाजलेला इंग्रज कवि. बगदादी पणजोबा, आणि पणतूचें नांव जर्मन संगीतिकेंतलें! जी बोली आयांनीं राखली तीच पुढें इंग्रजी शाळांपुढें टिकली नाहीं. तिसऱ्या-चौथ्या पिढींत मुंबईच्या बगदाद्यांच्या घरांत इंग्रजी बसली. १९४८ नंतर बहुतेक घरें इस्राएल, इंग्लंड, ऑस्ट्रेलिया येथें गेलीं. आणि १९५०–५१ मध्यें इराकांतीलच एक लाखाहून अधिक यहुदी देश सोडून गेले, तेव्हां त्या बोलीचा मूळ झराच आटला.

या श्रीमंत बगदाद्यांच्या शेजारीं आपले बेने इस्राएल होते, कोकणचे 'शनवार तेली'. धर्म तोच, शनिवार तोच, पण भाषा मराठी. बगदाद्यांनीं त्यांना बरोबरीनें वागविलें नाहीं. त्यांच्या शुद्धतेबद्दल शंका घेतल्या. तरी या लोकांनीं आपली मराठी लपविली नाहीं. उलट जोसेफ इझिकेल राजपूरकर (१८३४–१९०५) यांच्यासारख्यांनीं हिब्रू प्रार्थना मराठींत उतरविल्या. १८७४ मध्यें पुण्यास छापलेल्या बेने इस्राएलांच्या 'हगादा' या वल्हांडण सणाच्या पोथींत एका बाजूस हिब्रू, दुसऱ्या बाजूस मराठी, आणि चित्रांतील बाया लुगडें नेसलेल्या आहेत. इस्राएलांत गेल्यावरहि या मंडळींनीं १९८५ पासून 'मायबोली' नांवाचें मराठी नियतकालिक चालविलें. मुंबईंत बगदादी जसे आपल्या अरबी पत्राची वाट पाहात, तसे तेथें हे मराठी पत्राची पाहात असतील.

आतां माझ्या विद्यार्थ्याकडे परत येतों. कोकणी मुसलमानांच्या घरीं कोकणी चालत असतां त्यांच्या नांवापुढें उर्दू कशी आली, याला थोडा इतिहास आहे. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापासून मुसलमान मुलांच्या शिक्षणासाठीं उर्दू शाळा निघूं लागल्या. शिक्षण मिळणें महत्त्वाचें होतें, आणि उर्दूनें हिंदुस्थानभरच्या मुसलमानांशीं नातें जुळत होतें; म्हणून कोकणांतल्या कित्येकांनीं ती आपलीशी केली. त्यांचा तो अधिकार आहे. आमच्या कोल्हापुरास शाहू महाराजांनीं १९०६ मध्यें मुसलमान मुलांसाठीं बोर्डिंग काढविलें, त्यामागेंहि शिक्षण हाच हेतु होता. पण ज्यांनीं मराठी धरली तेहि थोडे नाहींत. चिपळूणजवळच्या मिरजोळीचे हमीद दलवाई (१९३२–१९७७) यांची 'इंधन' ही कादंबरी वाचणाऱ्यानें लेखकाची मातृभाषा कोणती हें विचारण्याची गरज नाहीं. त्यांचीं मतें कोणाला पटोत वा न पटोत, नांव अरबी आणि गद्य मराठी, हें त्यांच्या बाबतींत अगदीं सहज होतें.

माझा दोष असा कीं, मीं नांव पाहून भाषा ठरविली. मसूदीनें चौलांत विचारपूस करून 'बयासिरा' हा वेगळा वर्ग नोंदविला. मला माझ्या टेबलासमोर उभ्या असलेल्या मुलाला एक प्रश्न विचारण्याची सवड झाली नाहीं. शिवाय १९९१ आणि २००१ च्या शिरगणतीचें काम मीं केलें आहे. तेथेंहि मातृभाषेचा प्रश्न असतोच. त्या उन्हातान्हांत, दारोदार, संध्याकाळच्या घाईंत मीं किती घरीं खरोखर विचारून लिहिलें आणि किती घरीं पाटी वाचून लिहिलें, हें आज मला शपथेवर सांगवणार नाहीं.

रजिस्टरांतील नोंद मीं दुरुस्त करावयास गेलों. हेडमास्तर म्हणाले, एकदां शाईनें भरलेला रकाना वरच्या परवानगीवांचून बदलतां येत नाहीं. मीं अर्ज केला. तो वर गेला, एक शंका घेऊन परत आला; पुन्हां पाठविला. मध्यंतरीं वडिलांची बदली सांगलीकडे झाली आणि मुलाची आई दाखला नेण्यास आली. दाखला मीच लिहिला. रजिस्टरांत जसें असेल तसेंच दाखल्यांत उतरवावें लागतें. तिनें तो उभ्याउभ्याच वाचला, मातृभाषेच्या रकान्यावर बोट ठेवलें आणि मला विचारलें, "गुरुजी, ह्यें कोणीं सांगितलान्?"

मीं खरें तें सांगितलें. ती कांहीं बोलली नाहीं. दाखल्याची घडी घालून तिनें तो पिशवींत ठेवला आणि मुलाला म्हणाली, "चल, यष्टी जायल."